वसुली थांबेल, पण कमी झालेल्या पेन्शनचं काय?

प्रश्न थोडक्यात असा. गडचिरोली जिल्ह्यातल्या कुरखेडा तालुक्यात राहणारे एक निवृत्त प्राथमिक शिक्षक लिहितात: जिल्हा परिषदेच्या शाळांमध्ये 36 वर्षं नोकरी झाली, त्यातली बरीचशी धानोरा तालुक्यात. 2024 च्या जूनअखेर निवृत्त झालो. त्याच्या तीन महिने आधी सेवापुस्तक तपासणीत आक्षेप निघाला. एकस्तर वेतनश्रेणीचं (आदिवासी-नक्षलग्रस्त भागात असेपर्यंत मिळणाऱ्या एक पायरी वरच्या श्रेणीचं) वेतन चुकीचं धरलं गेलं आणि एमएस-सीआयटी ही संगणक परीक्षा मुदतीत पास न झाल्यामुळे काही वेतनवाढी जादा दिल्या गेल्या, असं म्हणणं. 3,84,000 रुपयांच्या जवळपास वसुली उपदानातून, म्हणजे ग्रॅच्युइटीतून, कापली. शेवटचं मूळ वेतन 70,000 वरून 68,000 वर आणलं. त्याआधी एका छापील हमीपत्रावर सही घेतली होती. आता कोर्टात जाता येईल का, कोणत्या कोर्टात, खर्च किती येईल, आणि कोर्टात गेलो म्हणून पेन्शन थांबवतील का?

गुरुजी, तुमचा शेवटचा प्रश्न आधी घेतो. माझ्याकडे येणारे दहातले सात जण हीच भीती खिशात घेऊन येतात. दोन-दोन वर्षं गप्प बसतात आणि मग केस खरोखरच कमजोर होते. कोर्टात गेलात म्हणून कोणीही तुमची पेन्शन थांबवू शकत नाही. पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 17 डिसेंबर 1982 रोजी नकारा खटल्यात सांगितलं. आपण 17 डिसेंबरला पेन्शनर्स डे पाळतो तो त्यामुळेच. पुढे 2013 मध्ये झारखंडच्या जितेंद्रकुमार श्रीवास्तव प्रकरणात न्यायालयाने आणखी स्पष्ट केलं की पेन्शन आणि उपदान ही घटनेच्या कलम 300-अ खालची मालमत्ता आहे आणि नियमाचा आधार नसताना ती रोखता येत नाही. आपल्याकडे पेन्शन रोखायची असेल तर 1982 च्या निवृत्तिवेतन नियमांतल्या नियम 27 खाली यावं लागतं. त्यासाठी गंभीर गैरवर्तन किंवा निष्काळजीपणा चौकशीत सिद्ध व्हावा लागतो. निवृत्तीनंतर नवी विभागीय चौकशी सुरू करायची तर चार वर्षांपेक्षा जुन्या घटनेवर करता येत नाही. याचिका दाखल करणं हे गैरवर्तन नव्हे.

माझ्याबद्दल एक गोष्ट सांगणं भाग आहे. वकिलीची सनद घेण्याआधी मी 22 वर्षं लेखा विभागात होतो. तुमच्या सेवापुस्तकात लाल शाईने जो आक्षेप लिहिलाय, तसे आक्षेप मीही लिहिले आहेत. त्यामुळे टेबलाच्या पलीकडे काय विचार चालतो ते मला माहीत आहे. तिथे बहुतेक वेळा द्वेष नसतो. पुढच्या ऑडिटमध्ये आपल्या नावावर परिच्छेद निघू नये, एवढीच धडपड असते. आक्षेप लिहिला की लिहिणारा मोकळा. ज्याची वसुली निघते त्याचं घर त्या टेबलावरून दिसत नाही.

आता मुख्य मुद्दा. तुमच्या पत्रात दोन वेगळी भांडणं एकत्र आली आहेत आणि तुमच्या लक्षात ती आलेली नाहीत. एक भांडण कापलेल्या 3,84,000 रुपयांचं. दुसरं 70,000 चे 68,000 केल्याचं. पहिल्यासाठी कायदा बऱ्यापैकी तुमच्या बाजूने आहे. दुसऱ्यासाठी घाम गाळावा लागेल. होतं असं की वकीलही पहिल्यावरच याचिका लिहितो, निकाल लागतो, कापलेली रक्कम परत मिळते, सत्कार होतो, पेढे वाटले जातात. आणि 68,000 वर धरलेली पेन्शन मात्र आयुष्यभर तशीच राहते.

हिशोब करून पाहा. मूळ वेतन 2,000 ने कमी म्हणजे मूळ पेन्शन 1,000 ने कमी. वीस वर्षं धरली तर 2,40,000 रुपये, आणि त्यावरचा महागाई भत्ता वेगळा. अंशराशीकरणाची, म्हणजे पेन्शनचा काही भाग विकून एकरकमी मिळणारी, रक्कमही त्याच प्रमाणात घटली. तुमच्यामागे गुरुमाउलींना जे कुटुंब निवृत्तिवेतन मिळेल, तेही याच शेवटच्या वेतनावर ठरणार. म्हणजे वसुलीच्या रकमेइतकं, कदाचित जास्तच, नुकसान या दुसऱ्या भांडणात आहे. ते महिन्यामहिन्याने होतं म्हणून दुखत नाही, एवढंच.

पहिलं भांडण आधी संपवू. 18 डिसेंबर 2014 चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल, पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह. नागपुरात सेवाविषयक वकील त्याला नुसतं ‘व्हाइट वॉशर’ म्हणतात. कर्मचाऱ्याचा काही दोष नसताना जादा पैसे दिले गेले असतील तर ते कोणाकडून वसूल करता येणार नाहीत, याच्या परिस्थिती त्यात सांगितल्या आहेत. वर्ग 3 आणि 4 चे कर्मचारी. निवृत्त झालेले, किंवा वसुलीच्या आदेशापासून वर्षभरात निवृत्त होणारे. आदेशाच्या आधी पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम मिळत आलेले. ज्यांच्याकडून चुकीने वरच्या पदाचं काम करून घेतलं असे. आणि शेवटी, जिथे वसुली अन्यायकारक किंवा जाचक ठरेल अशी इतर प्रकरणं. जिल्हा परिषदेचे प्राथमिक शिक्षक म्हणून तुम्ही वर्ग 3 मध्ये येता. आक्षेप निवृत्तीच्या तीन महिने आधी निघाला. एमएस-सीआयटीची मुदत 31 डिसेंबर 2007 ची होती, म्हणजे त्या वेतनवाढी पाच वर्षांहून कितीतरी जास्त काळ चालू होत्या. पहिल्या तिन्ही खणांत तुम्ही बसता. 2022 मध्ये केरळच्या एका निवृत्त शिक्षकाच्या, थॉमस डॅनियल यांच्या प्रकरणातही न्यायालयाने हीच दिशा ठेवली: त्यांनी काही लपवलं नव्हतं, चूक खात्याची होती, निवृत्तीनंतर वसुली नको.

एक गोष्ट मात्र प्रामाणिकपणे तपासा. एमएस-सीआयटीचं प्रमाणपत्र तुम्ही कधी दिलं आणि कोणतं दिलं? पास न होता पास झाल्याचं लिहून दिलं असेल, तर वरचं सगळं विसरा. हे संरक्षण फसवणूक न करणाऱ्यासाठी आहे.

सरकारी बाजू दोन शस्त्रं काढते. पहिलं म्हणजे त्याच 1982 च्या निवृत्तिवेतन नियमांतला नियम 134-अ. सेवेत असताना जादा दिलेली रक्कम पेन्शनमधून वसूल करता येईल, असं हा नियम म्हणतो. पण त्याच नियमाच्या परंतुकात संबंधिताला म्हणणं मांडायची वाजवी संधी द्यावी, असंही आहे. तुम्हाला कारणे दाखवा नोटीस मिळाली होती का? तुमच्या पत्रात तिचा उल्लेख नाही. मिळाली नसेल तर हा मुद्दा याचिकेत सुरुवातीलाच आला पाहिजे.

दुसरं शस्त्र हमीपत्र. 2016 च्या जगदेव सिंग निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की वेतन वाढवून घेताना ‘जादा निघाल्यास परत करीन’ असं लिहून दिलं असेल, तर माणूस त्या शब्दाला बांधील राहतो. सरकारी वकील हा निकाल दर वेळी पुढे करतात. पण तो न्यायिक अधिकाऱ्याचा मामला होता, वर्ग 3 च्या कर्मचाऱ्याचा नव्हे. शिवाय ते हमीपत्र लाभ घेताना दिलेलं होतं. तुमच्याकडून सही कधी घेतली? पेन्शनचे कागद पुढे जावेत म्हणून, निवृत्तीच्या तोंडावर. त्या टेबलावर सही नाकारली असती तर फाइल हललीच नसती. पोटावर पाय ठेवून घेतलेली हमी आणि लाभ घेताना दिलेली हमी यांत उच्च न्यायालयाने फरक केलेला मी अनेक प्रकरणांत पाहिला आहे. म्हणून हमीपत्राची प्रत काढा आणि तारीख पाहा. 2009 च्या सहाव्या वेतन आयोगाच्या वेतननिश्चितीच्या वेळचं एखादं जुनं हमीपत्र सेवापुस्तकाला टाचलेलं असेल, तर तेही आधीच कळलेलं बरं. सुनावणीत ते समोरच्याने काढलं तर चेहरा पडतो. वाईटात वाईट म्हणजे वसुली हप्त्यांनी करा, असा आदेश होतो. जगदेव सिंग प्रकरणात दोन वर्षांत हप्त्यांनी वसूल करायला सांगितलं होतं.

आता एक प्रसंग. दोन वर्षांपूर्वी सिव्हिल लाइन्समध्ये, कोर्टासमोरच्या चहाच्या टपरीवर, आरमोरीकडचे एक निवृत्त केंद्रप्रमुख बसले होते. कागद युरियाच्या पोत्याच्या शिवलेल्या थैलीत. म्हणाले, “सायेब, पैसे तं लेकरायच्या शिक्षनात गेले. आता कोठून काढू?” मी थैलीतून सेवापुस्तकाच्या झेरॉक्स काढल्या. पानं उलटीसुलटी लागलेली. एका पानावर निळ्या शाईत वेतननिश्चितीची नोंद, खाली गोल शिक्का, शिक्क्यात सही आणि शब्द: ‘वेतननिश्चिती तपासली, बरोबर आहे’. तारीख बारा वर्षांपूर्वीची. पुढच्या पानावर त्याच कार्यालयाचा लाल आक्षेप. ते म्हणाले, हे पान वकिलाला दाखवलं नव्हतं, कारण ते ‘आपल्याविरुद्ध’ वाटलं. अहो, तोच तर त्यांचा हुकमाचा एक्का होता! खात्याने स्वतः तपासून बरोबर म्हटलेली गोष्ट खातंच बारा वर्षांनी चूक ठरवतंय. यात कर्मचाऱ्याचा दोष कुठे आला? तुमच्या सेवापुस्तकातही असा शिक्का असण्याची बरीच शक्यता आहे. पान न् पान पाहा.

आता दुसरं भांडण. 2,000 रुपये कमी केले ते बरोबर की चूक, हे त्या-त्या शासन निर्णयाच्या अक्षरावर ठरतं. एकस्तरचा मूळ शासन निर्णय 6 ऑगस्ट 2002 चा. आदिवासी आणि नक्षलग्रस्त भागात काम करणाऱ्याला तिथे असेपर्यंत एक पायरी वरची वेतनश्रेणी, तिथून बदली झाली की मूळ श्रेणी. इथवर वाद नाही. वाद सुरू होतो तो शिक्षकाला 12 वर्षांची वरिष्ठ श्रेणी किंवा 24 वर्षांची निवड श्रेणी मिळते तेव्हा. मग एकस्तरची वरची पायरी कशाच्या वर धरायची, मूळ श्रेणीच्या की वरिष्ठ श्रेणीच्या? आणि धानोऱ्याहून कुरखेड्याला आल्यावर वेतन नेमकं कोणत्या तारखेला, कोणत्या टप्प्यावर आणायचं? कुरखेडाही त्या यादीत होतं की नव्हतं, कोणत्या वर्षापर्यंत? या तीन प्रश्नांची उत्तरं तुमच्या बदली आदेशांत आणि त्या वेळच्या गावांच्या यादीत आहेत. माझ्या अनुभवात निम्म्या आक्षेपांमध्ये बदलीची तारीखच चुकीची धरलेली असते. एका प्रकरणात तर शिक्षक प्रतिनियुक्तीवर दुसऱ्या गावी गेला, मूळ पद तिथेच होतं, आणि आक्षेप लिहिणाऱ्याने ती बदली समजली.

एमएस-सीआयटीचंही तसंच. मुदतीत पास न झाल्यास वेतनवाढ रोखायची होती. पण नंतर पास झालात तर कधीपासून सोडायची, आधीची कायमची गेली की नुसती पुढे ढकलली, यावरून वेतनाचा टप्पा बदलतो. धानोऱ्याकडे काम केलेले शिक्षक मला सांगतात की तेव्हा केंद्रासाठी गडचिरोलीला जावं लागे, शाळा एकशिक्षकी, सोडून जायचं तर शाळा बंद. कोर्टाला ही परिस्थिती सांगायची, जरूर सांगायची. पण ती सांगून वेतननिश्चिती जिंकता येत नाही. तिथे शासन निर्णयाचा परिच्छेद लागतो.

दुसऱ्या भांडणातही एक आधार मात्र पक्का आहे. 1994 च्या भगवान शुक्ला निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की कर्मचाऱ्याला म्हणणं मांडू न देता मागच्या तारखेपासून वेतन कमी करता येत नाही. म्हणजे नोटीस नसेल तर 68,000 चा आदेश रद्द होऊन ‘ऐकून घ्या आणि पुन्हा ठरवा’ असं म्हटलं जाण्याची चांगली शक्यता असते. त्यात विजय पूर्ण नसतो. प्रकरण परत त्याच टेबलावर जातं. पण या वेळी तुमच्याकडे शिक्का असलेलं पान असतं आणि समोरच्याला कारणं लिहून द्यावी लागतात.

कोणत्या कोर्टात? इथे लोक फार चुकतात. तुम्ही जिल्हा परिषदेचे, म्हणून उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात, कलम 226 खाली रिट याचिका. राज्य शासनाचा कर्मचारी असता, म्हणजे तलाठी, वनरक्षक, पोलीस शिपाई, तहसीलमधला अव्वल कारकून, तर महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे मॅट. त्याचंही एक खंडपीठ नागपुरात आहे. मेळघाटातले एक निवृत्त वनरक्षक सरळ उच्च न्यायालयात गेले. तिथे सांगितलं गेलं की आधी मॅट. चंद्रकुमार निकालापासून, म्हणजे 1997 पासून, सेवाविषयक तक्रारींसाठी न्यायाधिकरण हीच पहिली पायरी आहे आणि त्याच्या निकालावर उच्च न्यायालय. त्या माणसाचं एक वर्ष गेलं आणि धारणीहून नागपूरच्या खेपा वेगळ्याच.

पेन्शनचे कागद कुठे जातात, हेही वेगळं असतं. राज्य कर्मचाऱ्याचे नागपूरच्या महालेखापाल कार्यालयात, आणि त्याआधी वेतन पडताळणी पथकाकडे. जिल्हा परिषद कर्मचाऱ्याची पेन्शन जिल्हा परिषदच मंजूर करते. म्हणून तुमच्या याचिकेत शिक्षणाधिकारी, मुख्य कार्यकारी अधिकारी आणि मुख्य लेखा व वित्त अधिकारी हे प्रतिवादी हवेतच, शिवाय ग्रामविकास विभागाचे सचिव. मुख्य लेखा व वित्त अधिकाऱ्यांना विसरलात तर निकालानंतर पैसे द्यायचे कोणी, यावर पुन्हा पत्रव्यवहार सुरू होतो.

मुदतीबद्दल. मॅटमध्ये आदेशापासून एक वर्ष. निवेदन दिलं असेल आणि सहा महिन्यांत उत्तर आलं नाही, तर त्यापुढे एक वर्ष. उच्च न्यायालयात तारखेची अशी रेघ नाही, पण उशीर झाला की पहिला प्रश्न उशिराचाच येतो. वेतन कमी धरल्याचं नुकसान दर महिन्याला होत राहतं, म्हणून उशिरा आलात तरी दार पूर्ण बंद होत नाही. मात्र 2008 च्या तरसेम सिंग निकालाप्रमाणे थकबाकी साधारणपणे याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. तुम्ही 2024 मध्ये निवृत्त झालात. थांबू नका. आणि दर तीन महिन्यांनी नवं निवेदन देऊन मुदत वाढते, या भ्रमात राहू नका. जुन्या मागणीवर नवा अर्ज केला म्हणून मुदत नव्याने सुरू होत नाही, हेही सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्येच सांगितलंय. एक निवेदन पुरे. स्पीड पोस्टाने, किंवा हाताने देऊन दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक आणि शिक्का घेऊन. ‘साहेबांना भेटून सांगितलं’ हा कोर्टात पुरावा नसतो.

कागद मिळवण्यासाठी माहितीचा अधिकार. दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट, जनमाहिती अधिकाऱ्याला अर्ज. मागणी नेमकी लिहा: संपूर्ण सेवापुस्तकाची साक्षांकित प्रत, आक्षेपाची टिपणी, वसुलीचा तक्ता, हमीपत्र, एकस्तर मंजुरीचे आदेश, बदली आणि कार्यमुक्तीचे आदेश. ‘माझ्या पेन्शनसंबंधी सर्व माहिती’ असं लिहिलंत तर तीन पानं हातात ठेवून वाटेला लावतील. तीस दिवसांत आली नाही तर पुढच्या तीस दिवसांत पहिलं अपील. वसुलीचा तक्ता विशेष महत्त्वाचा. महिनावार देय आणि अदा, दोन स्तंभ. त्यात बेरजेच्या चुका असतात. मी स्वतः केलेल्या आहेत, म्हणून खात्रीने सांगतो.

खर्चाचं विचारलंत. वकिलाची फी वकिलानुसार, ती इथे लिहिण्यात अर्थ नाही. पण एक गोष्ट फार कमी लोकांना माहीत आहे. 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम 12 खाली महिला आणि अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती यांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो. निवृत्त शिक्षिका, अंगणवाडी पर्यवेक्षिका, कुटुंब निवृत्तिवेतनासाठी झगडणारी शिपायाची बायको, सगळ्या यात बसतात. तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समिती असते, उच्च न्यायालयासाठी नागपुरात वेगळी उपसमिती आहे. मोफत वकील म्हणजे हलका वकील, ही समजूत सोडा. काही उत्तम वकील तिथल्या यादीवर आहेत.

खर्च वाचवायला सहा-सात जणांनी मिळून एकच याचिका करावी का? सगळ्यांचा आक्षेप एकच असेल, समजा सगळ्यांची वसुली निव्वळ एमएस-सीआयटीची, तर जरूर करा. पण तुमच्यासारखा एकस्तरही ज्यात आहे, त्याने स्वतंत्र करावी. नाहीतर तुमच्या बदलीच्या तारखांचा गुंता बाकीच्यांच्या साध्या प्रकरणाला अडकवतो. आणि दर तारखेला नागपूरला जायची गरज नसते. वडसा, ब्रह्मपुरी, नागभीड, उमरेड करत एसटीने पहाटे निघून अकराला कोर्टात बसणारे लोक मी पाहतो. बोर्डावर नंबर येत नाही आणि संध्याकाळी तशीच परतीची गाडी. रिट याचिकेत साक्ष नसते, कागदांवर चालते. शपथपत्रावर सही करायला एकदा यावं लागतं. नंतर वकिलाचा फोन येईल.

याचिकेच्या शेवटी मागण्या असतात, तिथे स्वतः लक्ष घाला. मसुदा वाचल्याशिवाय सही नको. वसुलीचा आदेश रद्द करा, हे असतंच. पण रक्कम तुमच्या उपदानातून आधीच कापलेली आहे, त्यामुळे ‘कापलेली रक्कम परत करा’ हे वेगळं लिहायला हवं. त्यावर व्याज. उपदान प्रशासनाच्या चुकीने उशिरा मिळालं तर व्याजाची तरतूद त्याच निवृत्तिवेतन नियमांतल्या नियम 129-अ मध्ये आहे, पेन्शनच्या उशिरासाठी 129-ब मध्ये. मागितलं नाही तर कोणी आपणहून देत नाही. आणि मूळ वेतन 70,000 धरून सुधारित पेन्शन, हे आपलं दुसरं भांडण, स्वतंत्र मागणी म्हणून. ही ओळ मसुद्यात नसेल तर वकिलाला पेन पुढे करा.

निकाल बाजूने लागल्यावर बरेच जण घरी जाऊन स्वस्थ बसतात. आदेशाची प्रमाणित प्रत मिळाली की ती स्वतः कार्यालयात द्या, पोच घ्या, मुदतीची तारीख कॅलेंडरवर लिहून ठेवा. त्या तारखेपर्यंत पैसे आले नाहीत तर अवमान याचिका करता येते, पण ती एक वर्षाच्या आत करायची. ‘बिल ट्रेझरीत आहे, तरतूद नाही, मार्चनंतर पाहू’ असं ऐकत बसलेल्या एका ग्रामसेवकाच्या पत्नीचं ते वर्ष असंच सरलं. मग नव्याने याचिका करावी लागली. त्या बाईंच्या नवऱ्याने केस जिंकली होती, पैसे पाहायला तो राहिला नव्हता. याचिका चालू असताना काही बरंवाईट झालं तर वारसांनी नाव लावायचा अर्ज वेळेत द्यावा, हेही घरच्यांना सांगून ठेवा.

हलबा-कोष्टी जात पडताळणी आणि अधिसंख्य (जादा निर्माण केलेल्या) पदांवरून निवृत्त झालेल्यांचे प्रश्न मला सतत येतात. ते याच्याशी जोडू नका. तो वेगळा कायदा, वेगळा रस्ता. 1 नोव्हेंबर 2005 पासून लागलेल्यांचंही तसंच, तिथे जुन्या पेन्शनचे नियम सहसा लागू नाहीत.

तुमच्या पत्रात एक गोष्ट मला खटकली, जी तुम्ही विचारलेलीच नाही. तुम्ही 30 जूनला निवृत्त झालात. सहाव्या वेतन आयोगापासून तुमच्यासारख्या बहुतेकांची वेतनवाढीची तारीख 1 जुलै. वर्षभर काम करून वेतनवाढ कमावली आणि एका दिवसाने हुकली, अशी ही स्थिती. 11 एप्रिल 2023 रोजी सर्वोच्च न्यायालयाने कर्नाटकच्या वीज कंपनीच्या प्रकरणात सांगितलं की अशी कमावलेली वेतनवाढ द्यावी लागेल. राज्य शासनानेही त्याच वर्षी 30 जूनला निवृत्त होणाऱ्यांना पेन्शन मोजण्यापुरती काल्पनिक वेतनवाढ देण्याचे आदेश काढले. 1 मे 2023 च्या आधीच्या काळाची थकबाकी कोणाला मिळणार आणि कोणाला नाही, यावर सर्वोच्च न्यायालयाने नंतर मर्यादा घातली, पण तुम्ही 2024 चे असल्यामुळे ती तुम्हाला आड येत नाही. म्हणजे तुमची पेन्शन 68,000 वर तर नाहीच, नुसत्या 70,000 वरही नको. 70,000 च्या पुढच्या टप्प्यावर, 72,100 वर, धरायला हवी. पीपीओच्या, म्हणजे पेन्शन देण्याच्या आदेशाच्या, पहिल्या पानावर ‘शेवटचे वेतन’ या रकान्यात काय आकडा आहे, तो आधी पाहा. त्या पानाचा आणि सेवापुस्तकातल्या शेवटच्या दोन पानांचा फोटो पाठवा. निवेदनाचा मसुदा मी त्यावर करून देतो.